मल्याळम चित्रपट आणि केरळची ओळख

मल्याळम चित्रपट हा केरळच्या बोली, जातिव्यवहार आणि घरगुती जीवन यांचे चित्रण करणारा, तसेच त्यांविषयीचे मल्याळी समाजाचे समज घडविणारा प्रवाह आहे. पडद्यावरचा केरळ नेमका कोणाचा, हा प्रश्न त्याच्या आरंभापासूनच उभा आहे. जे. सी. डॅनियल यांच्या ‘विगतकुमारन’ या पहिल्या मल्याळम मूकपटात पी. के. रोझी या दलित अभिनेत्रीने नायर स्त्रीची भूमिका केली. ते सहन न झालेल्या सवर्णांच्या रोषामुळे तिला परागंदा व्हावे लागले.

केरळ राज्य १९५६ साली अस्तित्वात आले. त्याआधी दोन वर्षे ‘नीलक्कुयिल’ या चित्रपटाने अस्पृश्यतेचा विषय हाताळला आणि हिंदी-तमिळ चालींची नक्कल सोडून संगीतकार के. राघवन यांनी त्यात मलबारच्या लोकसंगीताला जागा दिली. पुढे एम. टी. वासुदेवन नायर यांच्या पटकथांमुळे भारतप्पुळा नदीकाठच्या वळ्ळुवनाड भागातील बोली आणि तेथील ‘तरवाड’, म्हणजे नायरांचे मोठे एकत्र कुटुंब व त्याचे घर, यांना इतके वजन आले की, केरळचे खेडे म्हटले की तेच डोळ्यांसमोर येऊ लागले. त्या चित्रपटांची थोरवी मान्य करूनही, त्यांच्या झाकोळात इतर जिल्हे आणि इतर समाज दीर्घकाळ राहिले, हे नोंदवणे आवश्यक आहे. ‘महेशिंते प्रतिकारम’ (२०१६) मध्ये इडुक्कीचे डोंगराळ गाव, तर ‘सुडानी फ्रॉम नायजेरिया’ (२०१८) मध्ये मलप्पुरमच्या मुस्लिम वस्तीतील फुटबॉलवेड आपापल्या बोलीसह आले, तेव्हा ही चौकट बरीच सैल झाली.

चित्रपटाचा भाषेवरील परिणाम रोजच्या बोलण्यात ऐकू येतो. ‘संदेशम’ (१९९१) मध्ये दोन भाऊ परस्परविरोधी पक्षांचे असून घरातच त्यांची जुंपते. पोलंडमधील साम्यवादी राजवटीच्या पाडावाचा विषय निघताच साम्यवादी भाऊ म्हणतो ते ‘पोलंडबद्दल एक शब्द काढायचा नाही’ या अर्थाचे वाक्य मल्याळी माणसे आजही राजकीय चर्चेत सहज वापरतात.

पडद्यावरचा केरळ कोणाचा, हा प्रश्न ‘द ग्रेट इंडियन किचन’ (२०२१) ने स्वयंपाकघरात नेला. बेसिनखालचा नळ गळत राहतो, सून रोज ते घाण पाणी उपसते आणि नवऱ्याला प्लंबर बोलवायची आठवण राहत नाही. एवढ्या साध्या प्रसंगाने सुशिक्षित घरांतील स्त्रीच्या कष्टांवर उघड चर्चा घडवली. चित्रपटसृष्टीतील स्त्रियांच्या स्थितीची चौकशी करण्यासाठी राज्य सरकारने २०१७ मध्ये नेमलेल्या न्या. हेमा समितीचा अहवाल मात्र २०२४ मध्ये, तोही काही भाग वगळून, जाहीर झाला.