अनुवादकांच्या समान वेतनाचा वाद: रत्नागिरीहून पाहिलेली पार्श्वभूमी

केंद्र सरकारच्या दिल्लीबाहेरच्या कार्यालयांतल्या हिंदी अनुवादकांना दिल्लीतल्या मंत्रालयांच्या अनुवादकांइतकेच वेतन मिळावे की नाही, हा वाद आठव्या वेतन आयोगामुळे पुन्हा चर्चेत आला आहे. कोकण किनाऱ्यावर हे अनुवादक विखुरलेले आहेत. टपाल, सीमाशुल्क, बंदर, रेल्वे अशा ठिकाणी एखादे पद असते आणि बहुतेक वेळा तो माणूस कार्यालयात एकटाच अनुवादक असतो. त्यामुळे वादाचा कायदा सगळ्यांना ठाऊक असतो, पण तो सुरू कुठे झाला हे फारसे कोणी सांगत नाही.

जुना इतिहास थोडक्यात. 1963 चा राजभाषा अधिनियम आणि त्यातली 1967 ची दुरुस्ती यांमुळे अधिसूचना, सामान्य आदेश, निविदा, करार असे कागद इंग्रजी आणि हिंदी दोन्ही भाषांत काढणे बंधनकारक झाले. 1976 च्या नियमांनी देशाचे 'क' (हिंदीभाषक राज्ये), 'ख' आणि 'ग' असे तीन भाग केले. महाराष्ट्र 'ख' क्षेत्रात आला, गोवा 'ग' मध्ये. म्हणजे वेंगुर्ल्याच्या पुढे तेरेखोलची खाडी ओलांडली की नियम बदलतात. 'ख' मधून 'क' आणि 'ख' कडे जाणारी 90 टक्के पत्रे हिंदीत असावीत, असे राजभाषा विभागाच्या वार्षिक कार्यक्रमाचे उद्दिष्ट असते. 'ग' मधून हेच उद्दिष्ट 55 टक्के आहे. रत्नागिरीच्या अनुवादकावर कामाचा भार किती, हे यावरून कळते. 1981 मध्ये दिल्लीतल्या मंत्रालयांच्या अनुवादकांसाठी स्वतंत्र सचिवालयीन सेवा उभी राहिली. बाहेरच्या, म्हणजे अधीनस्थ कार्यालयांतले अनुवादक त्या सेवेत आले नाहीत. तरीही पाचव्या आयोगापर्यंत दोघांचे वेतन सारखेच होते. 1996 पासून कनिष्ठ अनुवादकाला 5000-8000 रुपयांची मासिक मूळ वेतनश्रेणी आणि वरिष्ठाला 5500-9000, दिल्लीत असो वा किनाऱ्यावर.

खरी फूट पडली ती फेब्रुवारी 2003 मध्ये, आणि या वादात मला तोच निर्णय सर्वांत महत्त्वाचा वाटतो. सचिवालयीन सेवेतल्या कनिष्ठांना 5500-9000 आणि वरिष्ठांना 6500-10500 देण्यात आले. लाभ 1 जानेवारी 1996 पासून काल्पनिक (फक्त हिशोबापुरता, हातात पैसे नाहीत) आणि 11 फेब्रुवारी 2003 पासून प्रत्यक्ष धरला गेला. अधीनस्थ कार्यालयांतल्या अनुवादकांना मात्र त्यातले काहीच मिळाले नाही. परिणाम असा की कोकणातला वरिष्ठ अनुवादक 5500-9000 वर राहिला, म्हणजे दिल्लीतल्या कनिष्ठाच्या बरोबरीला. अनेक वर्षांची सेवा आणि एक पदोन्नती मिळवून तो नव्याने लागलेल्या सहकाऱ्याच्या श्रेणीत येऊन बसला. पदाचे नाव तेच, अनुवादाला येणारे कागद त्याच अधिनियमाखालचे, आणि सात वर्षे वेतनश्रेणीही तीच होती. ही शेवटची गोष्ट पुढे केंद्राच्या कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक दावे ऐकणाऱ्या प्रशासकीय न्यायाधिकरणांत निर्णायक ठरली. सरकारची बाजू अशी की सचिवालयीन सेवा हा वेगळा संवर्ग आहे. पण संवर्ग तर 1981 पासून वेगळाच होता. 2003 मध्ये कामात असा कोणता बदल झाला, या प्रश्नाचे पटणारे उत्तर मला तरी कुठे सापडलेले नाही.

कनिष्ठांच्या किमान मूळ वेतनातला फरक प्रारंभी 500 रुपयांचा, वरिष्ठांचा 1,000 चा. कनिष्ठांचाच हिशोब पाहू. 2006 ची वेतननिश्चिती मूळ वेतनाला 1.86 ने गुणून झाली, म्हणजे 500 चे 930 झाले. 2016 मध्ये 2.57 चा गुणक लागला आणि त्याच 930 चे सुमारे 2,390. वार्षिक वेतनवाढ आणि निवृत्तिवेतन यांवर होणारा परिणाम आणखी वेगळा. घरभाड्याचा फरक यात मोजू नये. रत्नागिरी घरभाडे भत्त्याच्या सर्वांत खालच्या, 'झेड' वर्गातले शहर असल्याने तो भत्ता दिल्लीपेक्षा कमीच असणार आणि त्याबद्दल कोणाची तक्रारही नाही.

सहाव्या आयोगाने समानतेची शिफारस केली. नोव्हेंबर 2008 च्या आदेशाने सचिवालयाबाहेरच्या समान पदांनाही तेच ग्रेड पे (मूळ वेतनात मिळवली जाणारी, पदाचा स्तर ठरवणारी रक्कम) मिळाले: कनिष्ठाला 4200, वरिष्ठाला 4600. वाद इथेच संपायला हवा होता. पण आदेश 1 जानेवारी 2006 पासूनचा, त्यामुळे 2003 ते 2005 ची थकबाकी आणि त्या काळातली वेतननिश्चिती हा प्रश्न तसाच राहिला. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नावर सरकारचे म्हणणे फेटाळले आणि अनुवादकांच्या बाजूचा निकाल कायम राहिला. तरी असे निकाल अनेकदा फक्त अर्जदारांपुरते लागू केले जातात. उरलेल्यांना समान स्थितीत असल्याचे सांगत स्वतःचा अर्ज करावा लागतो, आणि कोकणातल्या माणसाला त्यासाठी न्यायाधिकरणाची मुंबई गाठावी लागते. एकट्या अनुवादकाने वकील शोधायचा, रजा काढायची आणि मागे साचलेली, हिंदीच्या वापराच्या तिमाही अहवालाची कामेही उरकायची. ज्यांनी दावा केला नाही त्यांना हक्काची जाणीव नव्हती, असे म्हणणे अन्यायाचे आहे.

ऑगस्ट 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाचाच एक निकाल उलट दिशेने गेला. रेल्वेच्या क्षेत्रीय कार्यालयातल्या खासगी सचिवांना सचिवालयातल्या समकक्षांची बरोबरी नाकारली गेली. तो लघुलेखन आणि सचिवीय कामाच्या संवर्गाबद्दलचा आहे, तरी अनुवादकांच्या अर्जांना उत्तर देताना असा निकाल पुढे केला जाऊ शकतो, हे ध्यानात ठेवलेले बरे.

सातव्या आयोगानंतर कनिष्ठ लेव्हल 6 (35,400) आणि वरिष्ठ लेव्हल 7 (44,900) वर आहेत, दोन्हीकडे सारखेच. आता तफावत पदनामात दिसते: दिल्लीत कनिष्ठ अनुवाद अधिकारी, बाहेर अनेक ठिकाणी अजून कनिष्ठ हिंदी अनुवादक, आणि भरती एकाच परीक्षेतून.

राज्याच्या न्यायालयांतल्या अनुवादकांचा प्रश्न वेगळा. 1998 पासून जिल्हा न्यायालयांची भाषा मराठी आहे, आणि ऑगस्ट 2025 पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गची प्रकरणे उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे जातात. मराठी कागदांच्या इंग्रजी अनुवादाची गरज त्यामुळे कमी झालेली नाही. पण नियोक्ता वेगळा असल्याने केंद्राच्या अनुवादकांशी त्यांची कायदेशीर तुलना टिकत नाही.

कंत्राटी अनुवादकांना मात्र तुलनेचा आधार आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या ऑक्टोबर 2016 च्या निकालानुसार तेच काम करणाऱ्या हंगामी कर्मचाऱ्याला नियमित श्रेणीचे किमान वेतन मागता येते. शब्दामागे दराने काम घेतले की ती व्यक्ती कर्मचारीच राहत नाही, आणि हा आधारही हातून जातो.