बट (थेट ध्वनिप्रक्षेपणाचे सॉफ्टवेअर)

संगणकात येणारा चालू आवाज इंटरनेट रेडिओच्या सर्व्हरपर्यंत पोहोचवणारे मोफत, मुक्तस्रोत सॉफ्टवेअर. ‘ब्रॉडकास्ट युजिंग धिस टूल’ या शब्दांच्या आद्याक्षरांवरून त्याला हे नाव पडले. डॅनियल नोथेन यांनी लिहिलेले हे सॉफ्टवेअर विंडोज, मॅकओएस आणि लिनक्स या तिन्हींवर चालते. गाणी लावणे, जाहिराती फिरवणे, कार्यक्रमांचे वेळापत्रक सांभाळणे यांतले ते काहीच करत नाही. ज्यांच्याकडे मिक्सर आणि माइक आधीपासून आहेत, त्यांना नेमके तेवढेच हवे असते.

इंटरनेट रेडिओची आजची घडण १९९८च्या अखेरीस आकाराला आली. विनॅम्प हा गाणी वाजवणारा प्लेअर बनवणाऱ्या नलसॉफ्ट कंपनीने शाउटकास्ट हा सर्व्हर आणला आणि पाठोपाठ जॅक मॉफिट व बरथ राघवन यांनी आइसकास्ट हा त्याचा मुक्तस्रोत पर्याय उभा केला. आइसकास्ट आता झिफ संस्थेकडे आहे. सुरुवातीला शाउटकास्टकडे आवाज पाठवायचा तर विनॅम्पला एक प्लगइन, म्हणजे छोटे जोड-सॉफ्टवेअर, जोडत. बटला असा कोणताही प्लेअर लागत नाही. ते साउंडकार्डात येणारा आवाज थेट उचलते आणि दोन्ही प्रकारच्या सर्व्हरना देते.

आवाज उचलला की तो दाबून लहान केला जातो. एमपी३, एएसी, ऑग व्हॉर्बिस, ओपस आणि फ्लॅक असे पर्याय आहेत. १२८ किलोबिट प्रतिसेकंद हा बिटरेट, म्हणजे सेकंदाला जाणारा डेटा, धरला तर तासाला सुमारे ५७.६ मेगाबाइट डेटा जातो. स्टुडिओतून प्रवाह एकच निघतो. त्याच्या प्रती करून वाटण्याचे काम सर्व्हरचे. शंभर श्रोते आले तर सर्व्हरला सेकंदाला १२.८ मेगाबिटची क्षमता लागते, स्टुडिओला मात्र १२८ किलोबिटच पुरतात. म्हणून घरगुती ब्रॉडबँडवरही केंद्र चालते. पण तो एक धागा तुटला की सगळ्या श्रोत्यांना ऐकू येणे एकदम थांबते, आणि या सॉफ्टवेअरची बरीचशी हुशारी तो धागा राखण्यातच खर्ची पडली आहे. कनेक्शन गेले की ते स्वतःहून पुन्हा जोडणी करत राहते. दुसरी तजवीज सर्व्हरवर करायची असते. आइसकास्टमध्ये ‘फॉलबॅक’ नेमून ठेवला तर मूळ प्रवाह थांबताच श्रोते पर्यायी प्रवाहाकडे वळवले जातात आणि तशी सेटिंग केली असेल तर मूळ प्रवाह परतल्यावर पुन्हा इकडे आणले जातात. दोन्ही प्रवाह एकाच स्वरूपाचे हवेत. एक एमपी३ आणि दुसरा ऑग असेल तर प्लेअर अडखळतो.

जोडणीसाठी सर्व्हरचा पत्ता, पोर्ट (बहुधा ८०००) आणि पासवर्ड लागतो. आइसकास्ट असेल तर माउंटपॉइंट, म्हणजे त्या सर्व्हरवरचे आपल्या प्रवाहाचे नावही. शाउटकास्टच्या पहिल्या पिढीत श्रोते ८००० वर, तर स्टुडिओचा आवाज ८००१ वर, अशी विभागणी आहे. आइसकास्टच्या नमुना सेटिंगमध्ये पासवर्ड म्हणून चक्क ‘हॅकमी’ असे लिहिलेले असते. इशारा याहून स्पष्ट काय असणार? तरीही तो न बदलणारे असतातच.

थेट म्हटले तरी श्रोत्याला आवाज काही सेकंद उशिरानेच मिळतो. नवा श्रोता आला की आइसकास्ट त्याला मागचे साधारण ६४ किलोबाइट एकदम देतो, म्हणजे १२८ किलोबिटवर जवळपास चार सेकंदांचा आवाज. त्यात प्लेअरच्या बफरची, म्हणजे वाजवण्याआधी साठवून ठेवलेल्या आवाजाची, भर पडते. निवेदकाने स्वतःचाच प्रवाह हेडफोनवर ऐकत बोलायला घेतले तर दोन वाक्यांतच जीभ अडखळते. फोनवर आलेल्या श्रोत्याला आधी रेडिओ बंद करायला सांगतात, ते यामुळेच.

मराठी प्रक्षेपकांना खरा त्रास होतो तो गाण्यांच्या नावांचा. ‘आता वाजते आहे’ ही ओळ एमपी३ प्रवाहात आवाजाच्या अधूनमधून खोचलेली असते आणि तिची अक्षरे कोणत्या संकेतपद्धतीत लिहायची हे त्या रचनेत ठरलेले नाही. पाठवणाऱ्याने वेगळे सांगितले नाही तर आइसकास्ट ती लॅटिन-१ या पश्चिम युरोपीय अक्षरांच्या पद्धतीतली मानतो आणि देवनागरी नावाच्या जागी तिरपागडी युरोपीय अक्षरे उमटतात. त्या माउंटपॉइंटच्या सेटिंगमध्ये यूटीएफ-८, म्हणजे देवनागरीसह सर्व लिप्या सामावणारी पद्धत, लिहिले की बहुतेक वेळा काम भागते. ऑग व्हॉर्बिस आणि ओपस यांत मजकूर मुळातच यूटीएफ-८ असतो, तिथे हा प्रश्न उद्भवत नाही. नाव दर वेळी हाताने टाकायचे नसेल तर बटला एखादी टेक्स्ट फाइल दाखवून ठेवता येते. ती बदलली की नावही बदलते.

प्रक्षेपण चालू असतानाच ते संगणकावर रेकॉर्डही होते, शिवाय रेकॉर्डिंगचे ठरावीक वेळेने तुकडे पाडता येतात. आवाजाची पातळी पाहून आपोआप सुरू होणे आणि बराच वेळ शांतता राहिली तर थांबणे, अशीही सोय आहे.

याच कामाची इतर साधने वेगवेगळ्या वळणांची आहेत. डार्कआइसला खिडकीच नाही, ते कमांडवर चालते. मिक्स हे डीजेंचे सॉफ्टवेअर असून प्रक्षेपण ही त्यातली एक सोय. लिक्विडसोपमध्ये तर छोटा प्रोग्रामच लिहावा लागतो; मोबदल्यात रात्रीची गाणी, मधल्या घोषणा आणि मधेच येणारे थेट निवेदन यांची सांधेजोड ते एकहाती करते. अनेक केंद्रे दोन्ही वापरतात: सर्व्हरवर लिक्विडसोप आणि निवेदकाच्या लॅपटॉपवर बट.