धर्मराजाचा शाप आणि कोल्हापूरची कादंबरी

बाईच्या पोटात काही राहत नाही, असं आपल्याकडं सहज म्हणतात. त्याचं मूळ थेट महाभारतात आहे. युद्ध संपलं, गंगेवर तर्पण चालू होतं, तेव्हा कुंती म्हणाली, ‘कर्णालाही पाणी द्या, तो तुमचा थोरला भाऊ.’ धर्मराजानं पुढं शोकाच्या भरात समस्त स्त्रियांना शाप दिला, की यापुढं तुमच्या पोटात गुपित टिकणार नाही. सूर्याला मात्र कुणी जाब विचारला नाही.

दडवलेलं मूल, लपवलेला आजार, जुनी चूक आणि तिची फेड हा आजच्या लेखिकांचा ऐवज या शापातूनच आलाय, असं मला वाटतं.

कोल्हापूरला तर कुंतीच्या गुपितानं झपाटलंच होतं. आजऱ्याचे शिवाजी सावंत कोल्हापुरात शाळामास्तर असताना ‘मृत्युंजय’ आली, १९६७ साली. सहाच वर्षांनी कोवाडच्या रणजित देसाईंची ‘राधेय’. एकाच जिल्ह्यातले दोन लेखक आणि दोघांचा नायक कर्ण! सावंतांनी कुंतीला तिच्या तोंडानं बोलतं केलं, हे मोठंच. पण लेखणी पुरुषाचीच.

त्याआधीही तसंच. बेळगावच्या बाबा पदमनजींच्या ‘यमुनापर्यटन’मध्ये (१८५७) विधवांच्या झाकून ठेवलेल्या कहाण्या नायिका यमुनेच्या कानी पडतात, तिची स्वतःची ख्रिस्तावरची श्रद्धाही लपलेलीच. सुटका होते ती धर्मांतरानं, म्हणजे पुन्हा बाहेरून कुणीतरी तारल्यावर.

बाईनं स्वतः तोंड उघडलं तेव्हा काय झालं? १९३३ साली ‘कळ्यांचे निःश्वास’ निघालं आणि गहजब उडाला. लेखिकेचं नाव विभावरी शिरूरकर, ते खोटं. पानापानांवर मुलींच्या मनातलं उघडं आणि खऱ्या मालतीबाई बेडेकरांची झाकली मूठ कैक वर्षं तशीच. कविता महाजनांनी २००७ साली ‘भिन्न’मध्ये एचआयव्हीग्रस्त बायांबद्दल लिहिलं ते स्वतःच्या नावानं.

कोल्हापूरचा धागा मात्र कादंबरीबाहेर जाऊन पुरा होतो. कोल्हापूरचे चित्रपट दिग्दर्शक भालजी पेंढारकर यांची लेक माधवी ही ‘राधेय’कारांची पत्नी. माधवीताईंनी आपल्या संसाराची हकिगत आत्मचरित्रात मांडली आणि नाव दिलं ‘नाच ग घुमा’. मंगळागौरीच्या त्या खेळात घुमा दर खेपेला विचारते, कशी मी नाचू?