बोल्ट आत किती धरतोय ते बघा, मगच आवळा

भाऊ, जिनिंगचा सीझन असो नाहीतर डाळमिलचा, काउंटरवर मागणी एकच असते, बाराचा बोल्ट द्या, जरा लांबच द्या. आमचं म्हणणं, लांबी अंदाजानं घेऊ नका. बोल्ट ज्या भोकात जाणार आहे ते भोक कशाचं आहे ते आधी सांगा, लांबी त्यावरून ठरते.

हिशोब सोपा आहे. ८.८ ग्रेडचा बोल्ट (ग्रेड म्हणजे बोल्टच्या ताकदीचा आकडा, जितका मोठा तितका बोल्ट कडक) लोखंडात, म्हणजे एमएसच्या जाड प्लेटमध्ये जात असेल तर जेवढा व्यास तेवढे आटे आत पाहिजेत, १२ च्या बोल्टला १२ एमएम. बीडाची म्हणजे कास्ट आयर्नची बॉडी असेल, पंपाची किंवा बेअरिंग ब्लॉकची, तर दीडपट म्हणजे १८. आणि अ‍ॅल्युमिनियमच्या हाउसिंगमध्ये दुप्पट, २४ धरून चला. १०.९ किंवा १२.९ चा अ‍ॅलन बोल्ट (डोक्यात षटकोनी खाच असलेला) साध्या एमएसमध्ये लावणार असाल तर तिथंपण दीडपट घ्या, कारण बोल्ट कडक आणि भोकाचे आटे नरम, मग भोकाचेच आटे आधी जातात.

एवढा आग्रह का, तर एम १२ चा, म्हणजे १२ एमएम व्यासाचा, ८.८ बोल्ट तुटायला साडेसहा टनापेक्षा जास्त ताण लागतो आणि तेवढा ताण आट्यांनी पेलला पाहिजे. जोडणी अशी हवी की झालंच तर बोल्ट तुटावा. तुटलेला डोळ्याला दिसतो, नवा टाकता येतो. आटे मात्र आतल्या आत थोडे थोडे सरकत जातात, वरून सगळं टाइट वाटतं, आणि एक दिवस चालू मशीनमध्ये बोल्ट आट्यांसकट बाहेर येतो, मग बॉडीच बदला.

आता एक उदाहरण बघा. १२ एमएमची प्लेट, अडीचचा वॉशर, खाली बीडाचा ब्लॉक. १२ अधिक अडीच अधिक १८ म्हणजे साडेबत्तीस, म्हणून ३५ चा बोल्ट. त्याचा साडेवीस एमएम भाग आत जाईल, पण टोकाचा एखादा आटा उतरता असतो, तो मोजायचा नाही. आणि भोकात पूर्ण आटे साडेवीसपेक्षा जास्त खोल पाहिजेत, २४ असले तर उत्तम. नाहीतर बोल्ट बुडाला टेकतो, पाना टाइट होतो, आपल्याला वाटतं बसला, आणि प्लेट मात्र ढिलीच. म्हणून प्लेट न ठेवता बोल्ट नुसता हातानं शेवटपर्यंत फिरवा, किती आत गेला ते स्केलनं मोजा, दोन मिनिटांचं काम आहे.

लांबच लांब बोल्ट टाकून ताकद वाढत राहत नाही बरं का. लोडचा जवळपास तिसरा हिस्सा पहिला आटाच घेतो, पुढचे कमी कमी घेत जातात, त्यामुळे दुपटीच्या पुढे आटे वाढवून फार काही मिळत नाही. नट लावत असाल तर तो बोल्टच्या ग्रेडचाच घ्या, ८.८ ला ८ नंबरचा, आणि नटाबाहेर दोन आटे दिसू द्या.

टॅप मारणाऱ्या, म्हणजे भोकात आटे पाडणाऱ्या, फिटर दादांना एक विनंती. एम १० ला ड्रिल साडेआठचंच वापरा. ९ च्या भोकात टॅप लोण्यासारखा जातो हे खरं, पण आट्याची उंची तिथंच एक तृतीयांश कमी होते, मग लांबी कितीही द्या.

जुन्या मशीनवर अर्धा इंचाचे आटेपण असतात. त्यात एम १२ दोन-चार फेरे जातो आणि अडकतो, तिथं पान्याला पाइप लावून जोर करू नका, दोन्हीकडचे आटे खराब होतील. पिच गेज, म्हणजे आट्यांमधलं अंतर मोजायची पट्टी, लावून बघा, नसेल तर जुना बोल्ट घेऊन या, आम्ही काउंटरवरच मोजून देऊ. आणि आटे गेलेलेच असतील तर बॉडी भंगारात देऊ नका, बहुतेक वेळा हेलिकॉइल, म्हणजे भोकात बसवायची आट्यांची तारेची स्प्रिंग, टाकून त्याच मापाचा बोल्ट परत बसतो, अ‍ॅल्युमिनियममध्ये तर तो मूळ आट्यांपेक्षा चांगला धरतो.