मार्क कोसळला, पण खापर एकट्या भरपाईवर नको
पहिल्या महायुद्धानंतर व्हर्सायच्या तहाने जर्मनीवर १३,२०० कोटी सुवर्ण मार्कांची (सोन्याच्या मूल्यात मोजलेल्या मार्कांची) युद्धभरपाई लादली, म्हणून मार्क हे जर्मन चलन बुडालं आणि हिटलर आला, असं सर्रास सांगितलं जातं. मुळात हा आकडा तहात नव्हताच. तो मे १९२१ मध्ये लंडनला ठरला. त्यातले ८,२०० कोटी ‘क’ वर्गाच्या रोख्यांत होते, निव्वळ कागदावर. हप्ते सोनं, परकीय चलन किंवा कोळशासारख्या मालात द्यायचे होते. भार होताच, पण महायुद्ध करांऐवजी कर्जावर लढल्याने नोटा आधीच फुगल्या होत्या. १९२३ मध्ये फ्रान्स-बेल्जियमने रूर हा जर्मनीचा औद्योगिक प्रदेश व्यापल्यावर निषेधार्थ काम बंद केलेल्यांचे पगार जर्मन सरकारने नोटा छापून भागवले. नोव्हेंबरात नवं चलन आलं, तेव्हा १ रेंटेनमार्क म्हणजे १ लाख कोटी कागदी मार्क!

आणि हिटलरचं म्हणाल, तर त्याच्या नाझी पक्षाची मतं १९२८ मध्ये अवघी २.६ टक्के, जुलै १९३२ मध्ये, साठ लाखांच्या आसपास बेकारी असताना, ३७.३ टक्के. त्याच महिन्यात स्वित्झर्लंडमधल्या लोझान परिषदेत भरपाई जवळपास संपुष्टात आली होती.