'काफे मारों' या नावामागचा पळपुटा इतिहास

हिंदी महासागरात, मॉरिशसच्या पूर्वेला असलेल्या रॉड्रिग्ज बेटावरच्या 'काफे मारों' या झुडपाचा विषय कोल्हापुरात झाडवेड्यांच्या गप्पांत निघाला, की कुणीतरी त्याचं भाषांतर 'तपकिरी कॉफी' असं करतंच. फ्रेंच शब्दकोशात 'मारों' म्हणजे चेस्टनट आणि त्याचा तपकिरी रंग, म्हणून. झुडूप आपल्या अनंताच्या कुळातलं. फुलं पांढरीशुभ्र, चांदणीसारखी. तपकिरी झाक असते ती फक्त कोवळ्या रोपांच्या पानांवर, आणि त्यामुळे घोळ वाढतो.

मॉरिशस-रॉड्रिग्जकडच्या क्रिओल या फ्रेंचमधून घडलेल्या बोलीत 'मारों' म्हणजे मळा सोडून डोंगरात पळालेला गुलाम. मूळ शब्द स्पॅनिश, 'सिमारॉन'. पुढे रानात मोकाट गेलेल्या जनावरांना आणि लागवडीच्या झाडांसारख्या दिसणाऱ्या रानझाडांनाही तो चिकटला. आपण रानकेळ, रानहळद म्हणतो, तसं 'रानकॉफी' म्हटलं तर ओळख पटते. पण 'रान'मध्ये ते जीव मुठीत धरून पळणं येत नाही. मला 'परागंदा कॉफी' जास्त खरं वाटतं. 'तपकिरी' म्हटलं की त्या माणसांचा इतिहासच पुसला जातो, म्हणून हा आग्रह.

विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत हे झुडूप नामशेष धरलं गेलं होतं. १९८० मध्ये बेटावरच्या एका शिक्षकाने मुलांना स्थानिक झाडं शोधून आणायला सांगितलं आणि एका मुलाने याची फांदी आणली. झुडूप एकच उरलं होतं. बातमी पसरल्यावर औषधासाठी लोक त्याच्या फांद्या तोडू लागले. कुंपण घालावं लागलं, तरी तोड थांबेना. १९८६ मध्ये छाटकलमं विमानाने लंडनला, क्यूच्या वनस्पती उद्यानात गेली आणि त्यातलं एक रुजलं. त्याला फुलं भरपूर यायची, फळ मात्र धरेना. अखेर २००३ मध्ये कुक्षीचा, म्हणजे फुलात पराग झेलणाऱ्या भागाचा, शेंडा कापून तिथे पराग लावण्याची युक्ती लागू पडली, बी धरलं आणि पुढे रोपं बेटावर परतली.

बियांतून उगवलेल्या रोपांना लांब, अरुंद, डागाळलेली पानं आली, मधली शीर गुलाबी. मोठ्या झाडाचं पान गोलसर, हिरवंगार. दोन्ही शेजारी ठेवली तर एकाच झाडाची वाटत नाहीत. कासवांच्या तोंडी पडू नये म्हणून कोवळेपणी हा वेष, असा एक अंदाज आहे. रॉड्रिग्जची ती महाकाय कासवं संपून दोनशे वर्षं झाली. रोप अजून तसंच उगवतं.