लिंबाचा गोड आइस टी (घरगुती)

दूध न घालता केलेला, साखरेने गोड केलेला चहा निववून, त्यात लिंबाचा रस पिळून बर्फावर ओतला की जे पेय होते ते लिंबाचा आइस टी. मुंबईत ते आधी हॉटेलांत आणि कॉफीच्या दुकानांत रुळले, मग घरात शिरले. आज एप्रिल-मेच्या घामट दुपारी आणि ऑक्टोबरच्या उकाड्यात पन्हे, कोकम सरबत, लिंबू सरबत यांच्याबरोबर तेही पाहुण्यांपुढे येते. बाजारात त्याची तयार भुकटी मिळते. पण तीत चहापेक्षा साखरच कितीतरी जास्त असते आणि आंबटपणा बहुधा सायट्रिक आम्लाचा असतो. घरी केलेल्या पेयात चहा चहासारखा लागतो आणि लिंबू लिंबासारखे. सामान कुठल्याही मराठी स्वयंपाकघरात आधीच असते. हा चहा बिघडतो तो तुरटपणामुळे, आणि चांगली कृती म्हणजे मुख्यतः तुरटपणा आवरण्याची रीत.

इतिहास : बर्फ घातलेल्या गोड चहाची कृती अमेरिकेतील व्हर्जिनियाच्या एका पाकपुस्तकात १८७९ साली छापलेली आहे. ती हिरव्या चहाची आहे. बर्फाने भरलेल्या पेल्यात दोन चमचे साखर घालून वर चहा ओतायचा आणि लिंबू पिळायचे. लिंबाने तुरटपणा मोडतो, असे तीत स्पष्ट सांगितले आहे. त्यामुळे हे पेय १९०४ च्या सेंट लुईस येथील जागतिक प्रदर्शनात जन्मले, ही वारंवार सांगितली जाणारी गोष्ट खरी नाही. भारतीय चहाच्या प्रचारासाठी तेथे गेलेल्या रिचर्ड ब्लेचिंडेन यांनी उन्हाळ्यात गरम चहाला गिऱ्हाईक मिळेना म्हणून तो थंड करून दिला आणि पेयाचा बोलबाला झाला, एवढे श्रेय त्यांचे.

मुंबईत क्रम उलटा होता. चहाची सवय घरोघरी लागण्याच्या कितीतरी आधी शहराला बर्फ माहीत झाला. मॅसॅच्युसेट्समधील तळ्यांवर हिवाळ्यात कापलेला बर्फ लाकडाच्या भुशात बांधून गलबतांनी १८३० च्या दशकात मुंबईत येऊ लागला आणि तो साठवण्यासाठी शहरात बर्फघर बांधावे लागले. पुढे यंत्राने बर्फ होऊ लागला तेव्हा तो व्यापार बसला. चहाचा देशांतर्गत प्रचार मात्र १९०३ च्या चहा उपकर कायद्यानंतरच्या (प्रचाराच्या खर्चासाठी चहावर छोटा कर बसवणाऱ्या) दशकांत वाढला, आणि मुंबईने जो चहा आपलासा केला तो दुधासाखरेचा, कढवलेला. ही कढवण्याची सवयच आइस टीच्या आड येते.

तुरटपणा का येतो : चहाच्या पानांतील पॉलिफेनॉल द्रव्ये लाळेतील प्रथिनांना चिकटतात, म्हणून जीभ कोरडी, ओढल्यासारखी वाटते. दुधाच्या चहात ही द्रव्ये दुधातील केसीन या प्रथिनाला आधीच जखडली जातात. त्यामुळे टपरीवरचा चहा दहा मिनिटे उकळला तरी प्यायला जातो. कोऱ्या चहात अशी आड कोणाची नाही. तीच पूड तितकाच वेळ उकळली तर पेय इतके कडवट होते की साखर वाढवूनही सुधारत नाही. म्हणून आइस टीसाठी चहा कढवायचा नाही, भिजवायचा. पाण्याला खळखळून आधण आले की गॅस बंद करून पूड टाकायची आणि झाकण ठेवायचे. आपल्याकडे सर्रास वापरला जाणारा दाणेदार चहा दोन ते अडीच मिनिटांत पुरेसा उतरतो. अखंड पानांच्या चहाला चार-पाच मिनिटे लागतात. पेय दाट हवे असेल तर पूड वाढवावी, वेळ वाढवू नये. गाळणीतला चोथा चमच्याने दाबून शेवटचे थेंब काढण्याचा मोह सगळ्यांना होतो. तो आवरावा, कारण त्या थेंबांत तुरटपणाच अधिक असतो.

पाण्याचाही वाटा आहे. तानसा, वैतरणा, भातसा अशा पावसावर भरणाऱ्या जलाशयांतून मुंबईला येणारे पाणी बहुतांशी मऊ, म्हणजे क्षार कमी असलेले, असते आणि ते चहाला मानवते. टँकरच्या किंवा बोअरवेलच्या जड पाण्यात केलेल्या कोऱ्या चहावर तपकिरी तवंग धरतो. लिंबाच्या आम्लाने तो तवंग विरतो, पण चव थोडी बोथटच राहते.

कृती : चार पेल्यांसाठी अर्धा लिटर पाण्याला आधण आणून त्यात दाणेदार चहाचे चार सपाट चमचे, म्हणजे साधारण १० ग्रॅम पूड वरीलप्रमाणे भिजवावी. गाळून लगेच, चहा गरम असतानाच, ७५ ग्रॅमच्या आसपास साखर घालून ढवळावी. बर्फाच्या पाण्यात साखर विरघळत नाही अशी समजूत आहे. खरे पाहता ०° सेल्सियसलाही १०० ग्रॅम पाण्यात १७५ ग्रॅमपेक्षा जास्त साखर मावते. मात्र थंड पाण्यात ती इतकी सावकाश विरघळते की पेला रिकामा होईतो तळाशी बसून राहते. गरम चहात घातली की हा प्रश्नच उरत नाही. गोडी मात्र गरम असताना चाखून ठरवू नये. थंड पदार्थ जिभेला कमी गोड लागतात, त्यामुळे गरम चहा किंचित जास्त गोड वाटला तर बर्फावर तो बरोबर उतरतो.

आता चहा ओट्यावरच कोमट होऊ द्यावा, मग ३०० मिलिलिटर गार पाणी घालून फ्रीझमध्ये ठेवावा. वाफाळता चहा थेट फ्रीझमध्ये गेला की अनेकदा गढूळ होतो, कारण थंडाव्यात कॅफीन आणि चहातील पॉलिफेनॉल एकमेकांना धरून बारीक कणांच्या रूपाने बाहेर पडतात. चव बिघडत नाही, फक्त काचेच्या पेल्यात दिसायला बरे दिसत नाही; थोडे उकळते पाणी घातल्यास बहुधा निवळतो. निलगिरीचा चहा थंड झाल्यावरही नितळ राहतो अशी त्याची ख्याती आहे, आणि ती सार्थ आहे. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत यासाठी चिमूटभर खाण्याचा सोडा घालतात. लिंबाच्या पेयात सोडा घालून आंबटपणा मारण्यात मात्र अर्थ नाही.

लिंबाचा रस शेवटी, चहा पूर्ण निवल्यावर घालावा. मध्यम आकाराच्या तीन कागदी लिंबांचा रस पुरतो. रस पडताच गडद तांबूस चहा डोळ्यांदेखत सोनेरी होतो. हे पातळ झाल्याने होत नाही. चहाला रंग देणारी थिआरुबिजिन ही द्रव्ये आम्लात फिकी पडतात, म्हणून चार थेंबांनीही फरक दिसतो. गरम चहात रस पिळला तर लिंबाचा वास वाफेबरोबर उडतो आणि उकडल्यासारखी चव येते. लिंबू सरबतात घालतो तसे चिमूटभर मीठ येथेही घालावे. कडवटपणा दबतो आणि गोडी वर येते. पेल्यात लिंबाच्या चकत्या शोभतात खऱ्या, पण सालीखालच्या पांढऱ्या भागात आणि बियांत कडवट द्रव्ये असतात. चकत्या तासन्‌तास बुडवून ठेवल्या तर सगळी मेहनत वाया जाते. वास हवा असेल तर सालीचा फक्त हिरवा-पिवळा वरचा थर किसून घ्यावा.

लिंबू आणि त्याचा भाव : या पेयाची खरी हौस उन्हाळ्यात असते आणि नेमके तेव्हाच लिंबू महाग असते. त्याचे कारण बागेत आहे. कागदी लिंबाला आंबे, मृग आणि हस्त असे तीन बहार, म्हणजे फुलोऱ्याचे हंगाम, येतात. उन्हाळ्यात फळ मिळते ते हस्त बहाराचे. त्यासाठी सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास फुले यावी लागतात, आणि त्याआधी झाडाला पाण्याचा ताण द्यायचा, म्हणजे पाणी तोडायचे, तर तेव्हा पाऊस चालू असतो. म्हणून हा बहार धरणे अवघड आणि त्याचे फळ थोडे. २०२२ च्या एप्रिलमध्ये मुंबईच्या बाजारात एकेका लिंबाला दहा रुपये आणि त्याहूनही अधिक मोजावे लागले होते. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने काढलेला साई सरबती हा वाण रसाला चांगला आहे. मंडईत वाण विचारून मिळत नाही. पातळ सालीचे, पिवळे आणि हातात जड लागणारे लिंबू घ्यावे. लिंबाऐवजी मोसंबीचा रस घातल्यास गोडी येते, पण आम्ल कमी पडल्याने चहाचा तुरटपणा मोडत नाही.

बर्फ : मुंबईच्या घरी या पेयाचा वास बिघडतो तो फ्रीझरमुळे. ज्या फ्रीझरमध्ये सुरमईचे तुकडे, कोलंबी किंवा ताजे बोंबील ठेवलेले असतात, तेथील उघड्या ट्रेमधला बर्फ दोन दिवसांत तो वास धरतो. दुधाच्या चहात तो कदाचित लपला असता, लिंबाच्या नितळ पेयात अजिबात लपत नाही. झाकणाचा ट्रे वापरावा किंवा बर्फ त्याच दिवशी लावावा. थोडा गोड चहाच ट्रेमध्ये ओतून गोठवला तर बर्फ वितळताना पेय पांचट होत नाही, आणि ही युक्ती सर्वांत उत्तम. बाहेरचा बर्फ आणायचा झाल्यास तो खाण्याचाच आहे ना हे पाहावे. मासळी व इतर माल थंड ठेवण्यासाठीचा अखाद्य बर्फ ओळखू यावा म्हणून त्यात निळसर रंग मिसळण्याची सक्ती महाराष्ट्रात २०१८ पासून आहे.

इतर प्रकार : पारशी घरांत गरम चहात पुदिना आणि गवती चहा घालण्याची जुनी रीत आहे, आणि ती थंड चहालाही फार शोभते. गवती चहाची पाती पुडीबरोबर भिजवावीत. पुदिना मात्र निवलेल्या चहात चुरगळून टाकावा. आल्याचा तुकडा चालतो, वेलची चालत नाही, ती लिंबाशी भांडते. पूड थेट गार पाण्यात घालून फ्रीझमध्ये सहा ते आठ तास ठेवण्याचीही एक पद्धत आहे. तिच्यात तुरटपणा आणि कॅफीन दोन्ही कमी उतरतात, चव सौम्य येते. साखर मात्र पाक करून घालावी लागते. बरणी उन्हात ठेवून चहा उतरवण्याची पद्धत टाळावी. त्या कोमट पाण्यात जंतू मरत नाहीत, उलट वाढतात.

आहारदृष्ट्या : वरील प्रमाणात एका पेल्यात सुमारे १९ ग्रॅम साखर येते. जागतिक आरोग्य संघटनेने दिवसाकाठी वरून घातलेल्या साखरेचे प्रमाण उष्मांकाच्या १० टक्क्यांच्या आत आणि शक्य तर ५ टक्क्यांच्या, म्हणजे साधारण २५ ग्रॅमच्या आत ठेवावे असे सुचवले आहे. तेव्हा एक पेला पुरे. चहातील पॉलिफेनॉल भाज्या-कडधान्यांतील लोहाच्या शोषणात अडथळा आणतात. लिंबातील क जीवनसत्त्वाने तो काहीसा भरून निघतो, तरी रक्त कमी असणाऱ्यांनी जेवणाबरोबर हे पेय घेऊ नये.

साठवण : साखर घातलेला, लिंबाशिवायचा चहा स्वच्छ काचेच्या बाटलीत फ्रीझमध्ये एक दिवस, फार तर दोन दिवस चांगला राहतो. रस घालून ठेवल्यास वास मरतो आणि कडवटपणा चढतो, म्हणून लिंबू प्रत्येक वेळी पिताना पिळावे. बाटलीला आंबूस वास आला, तळाशी तार धरली किंवा फेस दिसला तर चहा ओतून द्यावा.